चारुलतामधला ल

पडदा वर जावा आणि रंगमंचावर एकच दिवा असावा, तसं ते जामबागेतलं डीटीपीचं दुकान. शटर अर्धं खाली, आत संगणकाचा निळसर उजेड. त्या उजेडात देवराव, अंगात कालचाच शर्ट. शेजारचं स्टूल रिकामं.

बायको गेल्याला आठवडा झाला होता. पुण्यानुमोदनाची पत्रिका संध्याकाळी छापखान्यात द्यायची होती. मराठवाड्यातून आलेल्या कितीतरी बौद्ध घरांच्या पत्रिका देवरावांनीच जुळवलेल्या; गेलेल्या माणसाच्या नावाआधी 'कालकथित' लावताना त्यांचा हात कधी अडला नव्हता. पण जुना संगणक बंद पडला आणि त्यांचा लाडका फॉन्टही त्याच्याबरोबर गेला.

मुलगी सुमेधा फुकटचे फॉन्ट शोधून देत होती, छापायला परवानगी आहे ना तेही वाचत होती. देवराव प्रत्येकात एकच शब्द टाईप करत: चारुलता. ही त्यांची जुनी रीत. नवा फॉन्ट आला की आधी बायकोचं नाव. ती स्टुलावर बसून निकाल द्यायची. उजवीकडे दांडी असलेला, हिंदी वळणाचा ल दिसला की म्हणायची, "हा नक्को. माझ्या नावाला काठी कशाला टेकवता?"

आज जो तो फॉन्ट काठी टेकवूनच येत होता.

"पप्पा, हा बरा दिसतो की."

"ल बघ त्याचा."

"सगळे ल सारखेच आहेत."

"इंग्लिश मीडियमवाल्यांना सारखेच दिसणार." टोमणा होता, पण त्याला धार नव्हती.

सुमेधा मेनू चाळता चाळता थांबली. "इथं भाषा हिंदी आहे. मराठी करू?"

तिनं मराठी निवडलं. काठी गेली. दोन्ही बाजूंना सारखा वळलेला, मराठी ल उमटला. तो फॉन्टमध्ये होताच. कुणी मागितला नव्हता.

देवराव सवयीनं स्टुलाकडे वळले. नाटकात इथं नट हंबरडा फोडतो. देवरावांनी चष्मा पुसला, परत लावला. आत काहीच हललं नाही.

"चालेल ना? मग पत्रिकेची नवी फाईल उघडते," सुमेधा म्हणाली.

"नवी नको. हीच घे. नाव झालेलंच आहे, आधी 'कालकथित' तेवढं लाव."