एकाच तारखेची दोन पत्रे

दादा, माझा थोरला भाऊ, जाऊन आता पाच महिने होतील. दोन महिन्यांमागे सुरतेतल्या भेस्तानच्या घरी त्याचे कपाट आवरताना वहिनींनी माझ्यापुढे बिस्किटांचा पत्र्याचा डबा ठेवला. आत जुन्या, मोठ्या आकाराच्या फ्लॉप्या होत्या. काळ्या, पातळ, धरल्या की वाकणाऱ्या. प्रत्येकीवर दादाच्या अक्षरात डिझाइनचा नंबर होता. एकीवर नंबर नव्हता, नुसते ‘घर’ लिहिले होते.

“भंगारवाला घेत नाही म्हणतो,” वहिनी म्हणाल्या. “तुम्ही तरी घ्या, भाऊजी. तुम्हीच लावलं ना त्यांना त्या मशीनचं वेड?”

ते खरे होते. वडील गेल्यावर दादाने आईला आणि मला धुळ्याकडून सुरतेत आणले, तेव्हा आम्ही नवागामला एका खोलीत राहत होतो. दादा साडीच्या काठांची डिझाइने करी. मोठ्या ग्राफ कागदावर एकेक चौकोन रंगवायचा. त्यावरून पुठ्ठ्याला भोके पाडत आणि तो पुठ्ठा मागाला कुठला धागा उचलायचा ते सांगे. एका मोरामागे दादाचे आठ-आठ दिवस जात. मग त्याच्या कारखान्याच्या शेठने कॉम्प्युटर आणला. मी तेव्हा कॉलेजात होतो, सुट्टीत त्याचा क्लास केलेला. शेठ म्हणाला, भाऊला तूच शिकव.

त्या मशीनच्या पोटात काही साठत नसे. रोज सकाळी डॉसची फ्लॉपी घालून त्याला उठवावे लागे. खरखर होई, काळ्या पडद्यावर हिरवी अक्षरे येत आणि पहिला प्रश्न असे तारखेचा, दुसरा वेळेचा. आत घड्याळ नव्हते, म्हणून ते रोज विचारी. दादा उठून भिंतीवरच्या गुजराती कॅलेंडरपाशी जाई, बोटाने दिवस शोधी आणि परत येऊन एकेक आकडा दाबी. मला हसू येई.

“नुसतं एंटर दाब रे. कोण विचारतंय तारीख?”

“हा विचारतोय ना.”

“त्याला काय फरक पडतो? एंटर दाब, पुढे जातं.”

दादाने मान हलवली आणि दुसऱ्या दिवसापासून नुसते एंटर दाबू लागला. शिकलेल्या भावाचे तो ऐकत असे.

त्यानंतर वर्षभराने आई आजारी पडली. मी बडोद्याला होतो, शेवटचा पेपर राहिला होता. दादाची तार आली. आई गंभीर, निघ. मी हिशेब केला की दोन दिवसांनी काही बिघडणार नाही. पेपर दिला आणि पोहोचलो, तेव्हा घरात पणती लावलेली होती. दादा दारात उभा होता. त्याने माझ्या हातातली पिशवी घेतली आणि विचारले, “पेपर कसा गेला?”

पुढे तीन वर्षे तो माझ्याशी बोलला नाही. नंतर बोलू लागला, पण पाहुण्याशी बोलावे तसे. कधी आलास, कधी निघणार, जेवून जा. मी नोकरीला लागलो, लग्न केले, सुरतेतच घर घेतले. आईचा विषय आमच्यात पुन्हा निघाला नाही. त्याने मला माफ केले होते का, हे मी त्याला विचारले नाही. दवाखान्यात त्याच्या पलंगाशी बसून होतो तेव्हाही नाही.

फ्लॉपी वाचणारे मशीन सुरतेजवळ कामरेजला मिळाले. तिथला एक कारागीर भरतकामाच्या जुन्या यंत्रांची दुरुस्ती करतो, त्यासाठी त्याने असले दोन-तीन कॉम्प्युटर चालू ठेवले आहेत. डब्यातल्या निम्म्या फ्लॉप्या वाचता आल्या नाहीत. ‘घर’ वाचता आली. दोन फाइली निघाल्या. दोन्ही पत्रे होती, दोन्ही मला लिहिलेली, कधीच न पाठवलेली.

त्या मशीनवर देवनागरी नव्हती, म्हणून दादाने मराठी इंग्रजी अक्षरांत लिहिली होती, सगळी मोठ्या लिपीत. नुसत्या डोळ्यांनी अर्थ लागेना. ओठ हलवून, शब्द तोंडाने म्हणत पुढे जावे लागले. कारागीर माझ्याकडे बघत होता, मग चहा सांगायला म्हणून बाहेर गेला.

एक पत्र पुस्तकी मराठीत होते. अनेक आशीर्वाद. झाले ते झाले, मनात काही ठेवू नये. दिवाळीस घरी यावे. दुसरे आमच्या घरच्या अहिराणीत होते आणि लांब होते. आईने शेवटच्या रात्री काय काय मागितले, दारात कुणाची चाहूल लागली की कशी मान वळवी, ते सगळे त्यात होते. शेवट असा होता: मायनी तुनी वाट दखी. आते येवानं काम नही. आईने तुझी वाट पाहिली, आता यायचे कारण नाही.

मी कारागिराला विचारले, यातले नंतरचे कुठले?

त्याने यादी दाखवली. दोन्ही फाइलींपुढे एक जानेवारी एकोणीसशे ऐंशी. ऐंशी साली दादाने कॉम्प्युटर पाहिलाही नव्हता.

“तारीख डाली ही नहीं किसी ने,” तो म्हणाला. “एंटर मार दिया होगा. सब यही करते थे, साहेब.”

“पण एक वर आहे, एक खाली.”

“उससे मत समझो. बीच में कोई फाइल मिटाई हो, तो नयी उसी की जगह बैठ जाती है.”

छापलेले दोन कागद घेऊन मी घरी आलो. खुणा शोधल्या. मराठी पत्रात भेस्तानच्या नव्या घराला नळाचे पाणी आल्याचा उल्लेख आहे. अहिराणीत घराबद्दल काहीच नाही. त्याने काही सिद्ध होत नाही. दुपारी मी एकटा पुस्तक वाचत बसतो आणि पानावर ओळ दुसरीच असते, पण माझे ओठ दादाची वाक्ये म्हणत असतात. आवाज माझा नसतो. पुस्तक मिटले तरी तो थांबत नाही. कुठल्या दिवशी कुठले पत्र ऐकू येईल, ते माझ्या हातात नाही.

गेल्या रविवारी कागद घेऊन वहिनींकडे गेलो. त्यांनी कधी पाहिले असेल, त्यांना क्रम ठाऊक असेल, अशी आशा होती.

“मला काय ठाऊक,” त्या म्हणाल्या. “रविवारीही शेठकडे जाऊन बसायचे. मी म्हणायची, मशीनच्या घरीच राहा.” मग म्हणाल्या, “वाचा ना. मला इंग्रजी अक्षरं येत नाहीत.”

कुठले आधी वाचायचे ते आता माझ्याच हाती होते. मी अहिराणी आधी वाचले आणि मराठी मागाहून, म्हणजे दिवाळीस यावे यावर संपेल. वहिनी पदर मुठीत धरून ऐकत होत्या. मी कागद खाली ठेवला.

“हे दुसरं छान आहे,” त्या म्हणाल्या. “पण ते असं कुठे बोलायचे? तुमच्या कॉलेजला अर्ज लिहावा तसं लिहिलंय.”

मी दोन्ही कागद एकावर एक ठेवले.

“भाऊजी, ते पहिलं पुन्हा वाचा. त्यात ते आहेत.”

मी कागद उचलला आणि पहिल्या ओळीपासून वाचू लागलो.