जांभळी जीभ

मुलगा माझं चेकबुक तपासायला बसला होता. जिभेला बोट लावून पान उलटायचं आणि त्याच ओल्या बोटाने कॅल्क्युलेटर बडवायचा. ती चिकट बटणं पाहून मला लालबागची आमची खोली आठवली.

संयुक्त महाराष्ट्राचे दिवस होते आणि नवे पैसे नुकतेच आले होते. वडील मोर्च्यात हक्कांच्या घोषणा देऊन, घसा बसवून यायचे आणि आल्याआल्या आईचा बाजारखर्च तपासायचे. त्यांची कॉपिंग पेन्सिल थुंकी लावल्यावर जांभळी उमटायची, म्हणून प्रत्येक आकड्याआधी ते तिचं टोक चाटायचे. ओठांच्या कोपऱ्यांत जांभळा फेस जमायचा.

एका संध्याकाळी ते ओरडले, "आण्याचे नवे पैसे सहा होतात. कोथिंबिरीला सात कसे?"

"भाजीवाल्याने सातच घेतले हो," आई म्हणाली.

"की एक लपवलास?"

जांभळ्या थुंकीचा शिंतोडा तिच्या गालावर उडाला. तिने तो पुसलासुद्धा नाही. तेव्हा मला वाटलं होतं, आईचंच काहीतरी चुकलं असेल. आता नुसत्या आठवणीने शिसारी येते.

"आई, हे दोनशे कशाचे गं?" मुलाने विचारलं.

मी म्हटलं, "आधी जीभ दाखव."