टेम्पररी काकू आणि काचेचा बाऊल

टेम्पररी काकूंच्या घरी बसायला खुर्च्या नव्हत्या, खोकी होती. सामानाची, लाकडी, खिळे ठोकलेली. कोणी आलं की काकू एका खोक्यावर सतरंजीची घडी टाकायच्या आणि म्हणायच्या, "बसा. आपलं काय, टेम्पररी आहे." आम्ही त्या खोक्यांवर बसून चहा प्यायलो, हळदीकुंकवाला बायका त्यावरच दाटीवाटीनं बसल्या, आणि मी तर बारावीचा अभ्यास तिथं केला. म्हणजे अभ्यास केला नाही, पण बसलो तिथंच होतो. खोकी मात्र कोणी उघडली नाहीत.

झालं असं, की नवीन राज्य झालं आणि आमचं रायपूर राजधानी झालं. तात्यापाऱ्यातल्या आमच्या गल्लीला याचा पत्ता दोनच गोष्टींवरून लागला. एक म्हणजे लाइट पहिल्यासारखीच जायची, पण आता लोक म्हणायचे, "राजधानी में लाइट गोल है!" आणि दुसरं म्हणजे समोरच्या घरात काकू राहायला आल्या. काका भोपाळला सरकारी ऑफिसात होते. काकू सांगायच्या, "राज्याची वाटणी झाली न, तवा टेबलं, खुर्च्या, फायली अन् आमचे हे, सगळे इकडच्या वाट्याले आले." काकांनी आल्याबरोबर परत बदलीचा अर्ज टाकला होता. ऑर्डर आज येते, उद्या येते. मग खोकी उघडायचीच कशाला?

काकू मूळच्या अमरावतीकडच्या. लग्नानंतर जन्म भोपाळला गेला, पण बोलणं माहेरचं ठेवलं होतं. आणि त्यांचं कॅलेंडर संत्र्याचं होतं. हिवाळ्यात नागपूरची संत्री रायपुरात उतरली की त्यांचं वर्ष सुरू. "पुढच्या संत्र्याले आम्ही भोपाळले," असं त्या दर हिवाळ्यात सांगायच्या. पुढची संत्री यायची. काकू तिथंच.

संत्री आली की त्यांच्या घरी सलाद व्हायचं. लोक संत्रं सोलून खातात. काकू संत्र्याचे कपडे उतरवायच्या. एकेक फोड घ्यायची, तिचा पापुद्रा काढायचा, बी काढायची, पांढरी शीर दिसली तर तीही काढायची, आणि आतला उघडा, चमकता रवा अख्खा राहिला पाहिजे. मोसंबीचंही तसंच. कुठं पपनस मिळालं तर त्या दिवशी काकूंच्या चेहऱ्यावर सण. हे सगळं त्या एकट्या करत नसत. दारात जो येईल त्याच्या हातात दोन संत्री. गॅसवाला आला तर गॅसवाला. मला म्हणायच्या, "तोंड चालव तू, पण हात बी चालव. नुसत्या तोंडानं फोड निघत नाही."

फोडींवर पडायचा तो मसाला. भाजलेले शेंगदाणे खलबत्त्यात कुटायचे, तेल सुटेपर्यंत. त्यात लिंबाचा रस, थोडा गूळ, भाजलेलं जिरं, काळं मीठ, एक हिरवी मिरची, आणि संत्र्याच्या सालीवरचा नुसता केशरी भाग किसून चिमूटभर. आमच्या आईनं पहिल्यांदा चाखलं आणि निकाल दिला, "छान झाली कोशिंबीर."

काकूंचा हात थांबला. "वहिनी, कोशिंबीर नाही. सलाद."

"दाण्याचं कूट आहे न त्यात?"

"आहे."

"मग कोशिंबीरच की."

"भोपाळले मोठ्या साहेबीणबाईच्या घरी शिकली मी हे. तिथं काट्यानं खात होते."

"काट्यानं खाल्लं म्हणून काय झालं? काट्यानं भात खाल्ला तर त्याले काय पुलाव म्हणायचं?"

हे भांडण शेवटपर्यंत मिटलं नाही. दोघींनाही मिटवायचं नव्हतं.

काकूंचा खरा हट्ट वेगळाच होता. फोडी एकीकडे, मसाला एकीकडे. आणि सगळे बसल्याशिवाय दोन्ही एकत्र करायचं नाही. आधी मिसळलं की पाणी सुटतं, फोडी मान टाकतात. "सगळे बसले का?" असं त्या स्वयंपाकघरातून ओरडायच्या, सुरुवात नाकातून आणि शेवट गच्चीवर पोचेल असा. एखादा उभा दिसला तर डाव वर धरून थांबायच्या. एकदा काका बाथरूममध्ये होते. अख्खी गल्ली वाट्या घेऊन गप्प बसलेली, कान बाथरूमच्या नळाकडे. बाहेर आले तेव्हा लोकांनी टाळ्या वाजवल्या.

मला लोकांच्या नकला करायची सवय होती, हे सगळ्यांना ठाऊक होतं. मास्तर, पुजारी, नळाचा मेकॅनिक, कोणी सुटलं नव्हतं. एकदा मी काकूंच्याच ओट्यावर पोरांना जमवून त्यांचा आवाज काढत होतो, "आपलं काय, टेम्पररी आहे," आणि पोरं अचानक हसायची थांबली. मागे काकू. मी पळायच्या तयारीत. त्या म्हणाल्या, "काहून थांबला रे पोट्ट्या? बरा काढतो. पण 'टेम्पररी' म्हणताना थोडा उसासा टाकत जा. अन् हात कमरेवर पायजे." मग उभं करून तीनदा म्हणून घेतलं. स्वतःची नक्कल दुरुस्त करून देणारी बाई मी दुसरी पाहिली नाही.

आता भांडी. काकूंची सगळी चांगली भांडी खोक्यात. त्यामुळे सलाद करायचं म्हटलं की एखाद्या घरून मोठं पातेलं, दुसऱ्या घरून वाट्या. आमच्या घरून स्टीलचा गंज जायचा, म्हणजे उभट पातेलं, काठावर माझ्या मामाचं नाव कोरलेलं. आणि भांडं रिकामं परत करायचं नाही ही आपल्या लोकांची रीत, म्हणून प्रत्येक भांडं सलाद घेऊनच घरी यायचं. काही दिवसांनी गल्ली हुशार झाली. हिवाळा लागला की बायका न मागताच भांडी नेऊन ठेवू लागल्या. काकूंच्या ओट्यावर अख्ख्या गल्लीची नावं चमकत असायची, फक्त त्यांचं एक सोडून. माझी लहान बहीण चिंगी हिंदीतच उत्तर द्यायची. "काकी, मेरे को बीज वाला मत देना." काकू म्हणायच्या, "मराठीत माग, म्हणजे मोठी वाटी." पोरगी आठ दिवसांत मराठी बोलायला लागली. बाबा तिच्याशी जन्मापासून मराठीत बोलत होते, त्यांना हा अपमानच वाटला.

पण काकू स्वतः खायला बसल्या की एक घास घ्यायच्या आणि मान हलवायच्या. "ठीक आहे. पण ते नाही." त्यांचा एक काचेचा बाऊल होता, कापाकापाची नक्षी असलेला, भोपाळहून आणलेला. "त्याच्यात खरं लागते. मसाल्यात अक्रोड, अन् तो बाऊल." अक्रोड इथल्या किराणावाल्याकडे मिळाले ते खवट निघाले. तो म्हणाला, "भाभी, चिरौंजी ले जाओ न, अपने जंगल की है." चिरौंजी म्हणजे आपली चारोळी. काकूंनी नाइलाजानं आणली, भाजली, कुटली. मसाला असा काही जमला की दोन दिवस गल्लीत दुसरा विषय नव्हता. काकू म्हणाल्या, "ठीक आहे. टेम्पररी." पण त्यानंतर त्यांनी अक्रोडाचं नाव काढलं नाही.

बाऊलचं नाव मात्र निघायचं. तो होता खिडकीखालच्या खोक्यात. त्यावर ठळक लिहिलं होतं 'काच', आणि बाजूला वरची बाजू दाखवायला बाण काढला होता. बाण खाली होता. हमालांनी उतरवताना खोकं उलटं ठेवलं होतं. मी एकदा म्हटलं, "काकू, सरळ करून देऊ का?" तर म्हणाल्या, "राहू दे. आता जायचंच आहे."

आणि एका हिवाळ्यात ऑर्डर खरंच आली.

आम्ही चारपाच जण फोडी सोलत होतो. काका दारात आले, बूट न काढताच म्हणाले, "झालं. भोपाळ."

काकू फोड सोलत होत्या. सोलली, ताटात ठेवली. मग तीच उचलली आणि परत सोलायला लागल्या. सोलायला तिच्यावर काही उरलंच नव्हतं. नखाखाली तिचा रस झाला.

"अवो, ऐकलं का?" काका म्हणाले.

"ऐकलं न. बहिरी आहे का मी? चांगलं झालं." मग इतक्या मोठ्यानं, की दोन घरं पलीकडे ऐकू जावं, "रविवारी सगळे या! आता त्या बाऊलमध्येच करते. एकदा खरं खाऊन घ्या, बाप्पा!"

रविवारी गल्ली जमली. फोडींचं ताट भरलेलं, चारोळीचा मसाला तयार, आमचा गंज नेहमीप्रमाणे ओट्यावर, पण आज त्याला सुट्टी. काकांनी पकडीनं खिळे काढले. वरून भोपाळचा पिवळा पडलेला पेपर निघाला, मग गवत, मग काकूंनी दोन्ही हात आत घातले आणि थांबल्या. हात बाहेर काढले तेव्हा प्रत्येक हातात एकेक तुकडा होता. नक्षी खरंच सुंदर होती.

बाऊल फुटला होता. आज नाही, येतानाच. कारण हमालांनी उलटं ठेवल्यापासून ते खोकं कोणी हलवलंच नव्हतं. तुकडे जिथल्या तिथं बसले होते, इतक्या वर्षांचे शेजारी असल्यासारखे. आई पुढं झाली. "जाऊ द्या वहिनी..." मला वाटलं, काकू आता रडतात.

काकूंनी तुकडे खोक्यात परत ठेवले. कमरेवर हात ठेवला. पोट धरून हसल्या, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. "म्हणजे पाहा! मी इतके दिवस ज्याची वाट पाहून राहिली होती, ते इथं आलंच नव्हतं. अन् आपण जे खाऊन राहिलो होतो, तेच खरं होतं." मग पदरानं डोळे पुसले, आमचा गंज ओढला आणि ओरडल्या, "सगळे बसले का?"

बसलो. काकूंनी मिसळलं. पहिला घास घेतला. आम्ही सगळे त्यांच्या मानेकडे पाहत होतो. मान हलली नाही. "हे," त्या म्हणाल्या, आणि दुसरा घास घेतला.

त्या गेल्या त्या दिवशी घराघरांतली भांडी परत आली, एकही रिकामं नाही. फक्त आमचा गंज आला नाही. ट्रक सुरू झाला तेव्हा तो काकूंच्या मांडीवर होता. आई म्हणाली, "अवो, त्यावर आमच्या दादाचं नाव आहे!"

"म्हणून तर नेऊन राहिली. परत द्याले यावं लागन न मले? अन् रिकामा थोडीच आणीन?"

"पण कोशिंबीर आणा!" आई ओरडली.

"सलाद!" ट्रक वळला तरी ऐकू आलं.

गंज अजून आलेला नाही. फोनवर काकू सांगतात, भोपाळच्या शेजारणींना त्या रोज ऐकवतात की सलाद ह्या रायपूरच्या गंजातच खरं लागतं, अन् चारोळी रायपूरचीच पाहिजे. शेजारणी त्यांना 'रायपूरवाली' म्हणतात. सामान सगळं उघडलं का, असं आईनं विचारलं, तर म्हणाल्या, "हव, पहिल्याच दिवशी."

इकडे हिवाळ्यात सलाद आता आमच्या घरी होतं. आई अजून त्याला कोशिंबीर म्हणते, पण मसाला वेगळाच ठेवते. मिसळायची वेळ झाली की लोक गप्पा मारत उभेच असतात, कोणी ऐकत नाही. मग आई मला खूण करते. मी कमरेवर हात ठेवतो, नाकातून सूर धरतो आणि ओरडतो, "सगळे बसले का?"

अख्खी गल्ली पटकन खाली बसते.