आपांची न झालेली फिल्लम

"पैले तू मेरेकू देख ले. फिर मैं तेरेकू देखतूं."

असं म्हणून आपा आपला तो धोंड्यासारखा जड व्हिडिओ कॅमेरा समोरच्या बाईच्या हातात द्यायच्या. बाई त्यातून आपांकडे बघायची, खुदकन हसायची, आणि मग जी बोलायला लागायची ती थांबायचीच नाही.

लातूर तेव्हा नुकतंच जिल्हा झालं होतं. कलेक्टर आले, कचेऱ्या आल्या, पाट्या आल्या. पाणी तेवढं यायचं राहिलं. अशा भरभराटीत आपांनी मुसलमान बायकांच्या जगण्यावर माहितीपट काढायला घेतला. एरवी त्या लग्नांत बायकांच्या बाजूचं शूटिंग करत. तिथं पुरुषाला मज्जाव, त्यामुळं नांदेडपासून लातूरपर्यंत त्यांना स्पर्धक नव्हता. कॅसेटी जोडायचं मशीन मात्र माझ्या दुकानात, म्हणून हा इतिहास मला ठाऊक.

मदतीला मुंबईहून एक साहेब आले. थोर माणूस! मुसलमान बाई कशी असते, हे घरूनच ठरवून आले होते. म्हणाले, "खिडकीशी उदास बसलेली हवी."

आपा म्हणाल्या, "खिडकी कां है साब? और टँकर आया तो उदास बैठेगी कौन?"

खरंच होतं. टँकरचा भोंगा वाजला की मुलाखत अर्धी टाकून बाई पळायची, आणि मागोमाग आपाही. कॅमेरा नव्हे, घागर घेऊन.

शेवटी उमरीची एक शिलाईवाली सापडली. नवऱ्यानं टाकलेली. चाळीस मिनिटं बोलली. त्यानं दिलेला मार सांगतानाही मध्येच हसली. साहेब उठून उभे राहिले. "हीच आपली फिल्म! ही असेल तरच मुंबईत दाखवतो."

आठवड्याभरात ती माझ्या दुकानात हजर. "आपा, मेरा निकाह जमा. वो सब काट डालो. नए घरवाले देखे तो..."

मी मध्ये पडलो. "आपा, दोन वर्षं झिजलात तुम्ही! तोंड झाकू हिचं."

"तोंड झाकाल भैया. आवाज उमरीत कोण वळखत न्हाई?"

"अहो, पण तुमची फिल्म?"

"फिल्लम माझी हाय. संसार तिचा हाय."

झालं! आपांनी तीच कॅसेट कॅमेऱ्यात घातली, उमरीला गेल्या आणि तिच्यावर त्या बाईचा निकाह भरून आणला. जुनं सगळं कायमचं पुसलं. साहेबांनी कॅसेट लावली, तर पडद्यावर मेंदी, ढोलकी आणि बिर्याणीची भांडणं. आपा शांतपणे म्हणाल्या, "मिठाई खाओ साब, शादी की है." साहेबांनी मिठाई तेवढी खाल्ली आणि मुंबई गाठली. माहितीपट तिथंच संपला.

पुढं आपा नांदेडला भावाकडे गेल्या आणि तिथंच वारल्या. ही बातमी त्या उमरीच्या बाईनंच आणली, खास एस. टी. करून. रडली नाही. म्हणाली, "भैया, मेरी शादी लगाओ."

मी कॅसेट लावली. नवरी निघायच्या वेळी पडद्यावरचं चित्र एकदम हललं, पार भिंतीकडं गेलं. मी मशीनकडं हात नेला.

"मशीन ठीक है," ती म्हणाली. "यहां आपा रोई थी."