एका बाहीचा पिवळा ब्लाऊज

आधीच सांगून ठेवते, मी टेपवाली बाई आहे. कुरखेड्याला बाजाराच्या रस्त्यावर माझं लेडीज टेलरिंगचं दुकान आहे. जे इंचात मोजता येतं तेवढंच मी मानते. आमच्या खाला, म्हणजे मावशी, जिन्नातचे, भुताखेतांचे किस्से शपथेवर सांगायच्या, तेव्हा मी म्हणायची, "खाला, हात वर करा, बगलेचं माप राहिलं." इथे या ग्रुपवर लोक असले अनुभव लिहितात ते वाचून मी पोट धरून हसलेली आहे... माफ करा. आता हसायची पाळी तुमची.

गोष्ट दोन वर्षांपूर्वीची, मोहफुलांच्या सीझनमधली. सुनंदा माझी गिऱ्हाईक. गिऱ्हाईक कसली, मैत्रीणच. तिचं गाव कुरखेड्यापासून सहा किलोमीटर, जंगलाला लागून. पदरात दोन मुली, घरी सासू, आणि नवरा होमराज मिरची तोडायला तेलंगणात गेलेला. तिने पिवळा ब्लाऊज शिवायला टाकला होता. मी माप पुन्हा घेतलं, तर महिन्याभरात छातीला एक इंच जास्त! माझं तोंड म्हणजे कात्रीच. लगेच म्हटलं, "काय गं, गोड बातमी?"

ती खाली बसली आणि रडायलाच लागली.

दुसऱ्या बाळंतपणात सुनंदा मरता मरता वाचली होती. रक्त थांबतच नव्हतं. "रेहानाताई, मले नाई पायजे हे," ती म्हणाली. "हायेत त्या दोघीयसाठी मी जगली पायजे. पण बुढीले समजलं तं मले दाराबाहेर पाय टाकू देणार नाई. तिले नातू पायजे."

"आणि होमराज काय म्हणतो?"

"फोनवर म्हणते, तुले वाटते ते कर. पण आईले नको सांगू."

वा रे वाघ! म्हटलं, चल, गडचिरोलीच्या दवाखान्यात मी येते सोबत.

अडचण एकच होती, मोह्याची. त्यांची दोन झाडं नाल्यापलीकडे. पहाटे जाऊन पडलेली फुलं वेचायची, दहा-अकरापर्यंत घरी आणायची. सासूचे गुडघे गेलेले, म्हणून हे काम सुनंदाचं. टोपली रिकामी आली की बुढी शंभर प्रश्न विचारणार. मी म्हटलं, "त्याची चिंता नको. मोहा मी आणते." ओळखीच्या व्यापाऱ्याकडून पिशवीभर मोहा घेऊन दुकानात ठेवला. स्वतःच्या हुशारीवर मी जाम खूश होते.

ठरल्या दिवशी सुनंदा पहाटे टोपली घेऊन निघाली. सासूला सांगितलं, मोहा वेचून परस्पर कुरखेड्याला ब्लाऊजसाठी जातो, टोपली येताना आणतो. रस्त्याकडेच्या पळसाखाली तिने टोपली लपवली आणि माझ्या स्कूटीवर बसली. कुरखेड्याहून गडचिरोलीची पहिली बस धरली.

बसमध्ये ती हळूच म्हणाली, "ताई, लोक म्हणतेत का पोटातलं पाडलं तं ते मागं लागते. खरं हाय का?"

"मागे लागतं ते लोकांचं तोंड," मी म्हटलं.

दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी सगळं नीट विचारलं, समजावलं आणि कागद पुढे केला.

"नवऱ्याची सही लागन ना?" सुनंदाने विचारलं. "ते तं तेलंगणात हायेत."

"नाही. तुम्ही सज्ञान आहात. सही तुमची एकटीचीच लागते."

"माह्या एकटीची?"

तिने नाव असं सावकाश लिहिलं की मागच्या बाईने घसा खाकरला.

सगळं व्यवस्थित झालं. दुपारी बाकावर बसलो होतो तर शेजारची एक आजी नात झाली म्हणून पेढे वाटत फिरत होती. मला वाटलं, आता ही रडते की काय! सुनंदाने दोन पेढे खाल्ले, तिसरा पदरात बांधला आणि आजीला म्हणाली, "लक्ष्मी आली तुमच्या घरी!" अगदी मनापासून. आजी खूश, आम्हीही खूश.

परत दुकानात आल्यावर मी ऐटीत ती पिशवी काढली. सुनंदाने आत हात घातला... आणि हसत सुटली. "अवो ताई! हा तं सुकलेला मोहा हाय! आज पडलेला मोहा ओला राह्यते, रसाचा! हा मनुक्यावानी झाला, बुढी काय आंधळी हाय का?"

घ्या! जन्म कुरखेड्यात गेला, पण मोहा पाहिला तो व्यापाऱ्याच्या पोत्यातच. आम्ही दोघी डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसलो. मग दोघींचीही तोंडं उतरली, कारण घरी जाणं भागच होतं.

स्कूटी हळूहळू नेली. पळसाखाली टोपली नव्हती. सुनंदा म्हणाली, "झालं. संपलं."

अंगणात शिरलो आणि पाय जागीच थांबले. सगळ्या अंगणभर मोहा पसरलेला. ताजा, ओला, पिवळसर पांढरा. वासाने डोकं जड व्हावं इतका. टोपली भिंतीला टेकवून ठेवलेली, आणि सासू खाटेवर पाय पसरून बसलेली.

"कोणी आणला वं बाई?" सुनंदाच्या तोंडून निघूनच गेलं. मी तिला चिमटा काढला.

"कोणी म्हंजे? तूच तं आणून टाकला अन् कुरखेड्याले गेली! एका दिवसात येवढा मोहा जनमात नाई पाह्यला." मग बुढीने तिला जवळ बोलावलं. "अन् झाडाखाली तू जे म्हणली ना, त्याचा मी इचार केला."

"काय... काय म्हणलं मी?"

"पाय, इसरली बी! मी काठी टेकत टेकत तुले अंबील घेऊन आलतो का नाई? तू म्हणली, बाई, मी आता बाळंत होत नाई, मले माह्या पोरीयसाठी जगाचं हाय. मले पयले राग आला. मंग तू माह्याकडे पाहून हासली. कितीक वर्सात तू माह्यासमोर अशी हासली नवती. मले आठवलं, मीबी माह्या सासूले हेच म्हणणार होतो. तोंडच उघडलं नाई. सात झाले, दोन जगले." तिने नाक पुसलं. "दोन पोरी लय झाल्या. होमराजले मी सांगतो."

सुनंदाने तिला मिठीच मारली. बुढी ओरडली, "अवं, गुडघा! माहा गुडघा!" मी रडत होते की हसत होते, मलाच कळत नव्हतं.

तेवढ्यात बुढी माझ्याकडे वळली. "पण रेहाना, हे कोणती फॅशन हाय वं? पिवळा झंपर शिवला चांगला, अन् एकच बाही? एक हात उघडा! मले झाडाखाली हासू आवरेना."

मी सुनंदाकडे पाहिलं. सुनंदाच्या अंगात हिरवा ब्लाऊज होता. पिवळा माझ्या दुकानात, हँगरवर. आदल्या संध्याकाळी एक बाही लावली आणि लाईट गेली, दुसरी राहिली. हे माझ्याशिवाय कोणालाच ठाऊक नव्हतं. सुनंदालाही नाही.

दुकान गाठलं. ब्लाऊज हँगरवरच होता. वास मोह्याचा. म्हटलं, पिशवीतला लागला असेल. पण बिनबाहीच्या बाजूने, आतल्या शिलाईला एक फूल चिकटलं होतं. ओलं, रसाचं. सुकलेल्या पिशवीतून ओलं फूल पडत नाही, एवढं तर मी त्याच दिवशी शिकले होते.

खूप डोकं चालवलं. सुनंदाला बहीण नाही. बुढीची नजर अशी की अजून सुईत दोरा ओवते. गावातल्या कोणीही तिथे जाऊन मोहा वेचला नव्हता. उत्तर काही सापडलं नाही, अजूनही नाही.

मी म्हटलं, "सुनंदा, दुसरी बाही लावून देते." ती म्हणाली, "नको लावू ताई. तो तिचा हाय, झाडाखाली होती तिचा. मले दुसरा शिव."

म्हणून तो तसाच दुकानात लटकलेला आहे. यंदाच्या सीझनला एक नवीन पोरगी मापाला आली. टेप छातीशी गेली आणि तिचा चेहरा पाहून माझ्या लक्षात आलं. या वेळी 'गोड बातमी' वगैरे काही म्हटलं नाही. शटर अर्धं खाली ओढलं, तिला स्टुलावर बसवलं आणि विचारलं, "तुले काय पायजे, ते सांग."

ती बोलायला लागली. मी उठून तो पिवळा ब्लाऊज हळूच खिडकीशी सरकवला, जिचा तो आहे तिला बाहेरून दिसेल असा.