कापसाखालचा भाऊ

माझ्या बहिणीला बघायला आलेल्या पाहुण्यांपैकी एक जण पाऊण तास माझ्या पोटावर बसले होते. यात त्यांची काहीच चूक नव्हती.

तेव्हा मी शहरातून कला शिकून घाटंजीजवळच्या आमच्या गावी परतलो होतो. चित्रं काढणं मी सोडलं होतं. आता एखाद्या जागी वस्तू रचायच्या, त्यात स्वतःच बसायचं आणि ते व्हिडिओत टिपायचं, ही माझी कला. गावात याला 'पोट्टं रिकामं हाये' म्हणत. वनिताचं आधीचं स्थळ याच पायी मोडलं होतं (मुलीचा भाऊ काय करतो, या प्रश्नावर बाबा नुसतेच खाकरले होते). म्हणून या खेपेला त्यांनी बजावलं, "पाव्हणे चार वाजता येतेत. तू ड्रॉइंगचा मास्तर हायेस आन् शाळेत गेला हायेस. घरात दिसू नको."

दिसायचं नाही, हे तर मला फारच सोयीचं होतं.

त्या वर्षांत कापसाला भावच नव्हता. आज येईल, उद्या येईल म्हणून सगळ्या गावाचा कापूस घरातच पडून असे. आमची पुढची खोली खिडकीपर्यंत भरली होती. पाहुणा आला की ढिगावर चादर टाकायची आणि त्याला वर बसवायचं. मी ठरवलं, नऊ ते तीन या ढिगात स्वतःला पुरून घ्यायचं. हलायचं नाही, बोलायचं नाही. फळीवर उसना कॅमेरा लावला, कपडे काढले (चड्डी सोडून) आणि नाक तेवढं बाहेर ठेवलं. घरात कुणाला सांगितलं नाही. कलेला परवानगी लागत नाही, असं माझं तेव्हा मत होतं.

उमरखेडचे पाहुणे जीप मिळाली म्हणून अकरालाच हजर झाले. आईनं घाईघाईनं ढिगावर चादर टाकली. मी तेव्हाच उठायला हवं होतं. पण व्याह्यांसमोर चड्डीवर उगवायचं कसं? मुलाचे वडील बरोबर माझ्या पोटावर टेकले.

"कापूस लय दाबून भरला बाप्पा तुम्ही," ते म्हणाले. "आन् पोरीचा भाऊ?"

"मास्तर हाये. शाळेत गेला," बाबा न खाकरता म्हणाले.

साठवलेल्या कापसात अंगाला कशी खाज सुटते, हे आमच्याकडे लहान पोरालाही ठाऊक असतं. मला ते सहा वर्षांच्या शिक्षणात विसरायला झालं होतं. वनिता पोहे घेऊन आली आणि माझ्या कानामागे असह्य झालं. चादरीच्या कडेनं माझा हात आपोआप बाहेर आला.

मुलाची आत्या किंचाळली. आईनं वळून तो हात पाहिला.

इथवर मी हसत सांगतो. त्या वर्षांत आमच्याकडे कर्जापायी गावोगाव माणसं विष घेत होती; घरातला पुरुष दुपारी जास्त वेळ झोपला, तरी बायका त्याला हलवून बघत. आईनं पाहुण्यांना ढकललं आणि दोन्ही हातांनी कापूस उपसायला लागली. "दिल्या, काहून रे? काहून केलं असं? उठ ना रे राजा." मी उठून बसलो. तिनं आधी माझ्या छातीवर हात ठेवला, मग मुस्काटात मारली, मग मनगट धरलं ते सोडेचना. एवढी लाज मला पुन्हा कधी वाटली नाही.

कापूस चिकटलेल्या माझ्याकडे बघत मुलाचे वडील म्हणाले, "मास्तर आज शाळेतून लवकर आले वाट्टे."

बाबांनी मान खाली घातली. वनितानं मात्र पोह्यांचा ट्रे खाली ठेवला. "मास्तर नाही हाये तो. हे असंच काहीबाही करते. पण माहा भाऊ हाये."

मुलाचे वडील माझ्या मनगटावरच्या आईच्या हाताकडे बघत राहिले. मग म्हणाले, "वयनी, पोरगं जितं हाये ना? मंग पोहे खाऊ."

लग्न ठरलं. त्यांची अट एकच होती: मांडवात मुलीचा भाऊ सगळ्यांना सतत दिसला पाहिजे.

ती टेप मी कुठेच दाखवली नाही. तीत मी फारसा दिसत नाही, आईच दिसते. आणि सहा तास गप्प राहायचं ते काम आजतागायत अपुरंच आहे. घरात जरा वेळ माझा आवाज आला नाही की आतून हाक येते, "दिल्या, हायेस ना?" आणि इतका मोठा कलावंत मी, हातातलं सगळं टाकून ओ देतो.