डोमाजीनं न घेतलेलं नाव

“फाटक उघडं होतं की बंद, ते मागाहून बघू. आधी मला सांगा वकील, हा माणूस गप्प का बसला?”

तात्यासाहेबांनी फाईल माझ्यासमोर सरकवली. जबलपूरला त्यांच्या ऑफिसात मी ज्युनिअर होतो. ते मला नावानं हाक मारत. ‘वकील’ म्हणाले की समजायचं, आपलं काहीतरी राहिलंय.

हायकोर्ट नागपूरहून जबलपूरला हललं तेव्हा पुष्कळ वकील नागपुरातच राहिले. तात्यासाहेब मात्र पुस्तकांच्या पेट्या आणि एक आरामखुर्ची घेऊन कोर्टामागोमाग गेले. राज्यघटना तेव्हा नवी होती. बाकीचे जमिनीच्या दाव्यांत रमले होते आणि हे गृहस्थ एकेका कलमाशी तासन् तास खेळत बसत. पुढं त्यांचं मोठं नाव झालं, मोठे खटले त्यांनी चालवले, सत्कार झाले. त्या सत्कारांतल्या भाषणांत हा खटला कधीच आला नाही. मला मात्र तात्यासाहेब म्हटलं की भिलाईचं ते फाटकच आठवतं.

भिलाईत तेव्हा पोलादाचा कारखाना उभा राहत होता. माल आणायला जागोजागी तात्पुरत्या रेल्वेलाईनी टाकल्या होत्या. त्यातल्या एका लाईनीवर भंडाऱ्याकडून आलेला डोमाजी फाटकवाला होता. नोकरी सरकारी खात्याची. कोणतं खातं ते सांगत नाही. माणसं गेली, खातं अजून आहे.

एका दुपारी ठेकेदाराचा ट्रक त्या फाटकातून लाईनीवर शिरला. इंजिनानं उडवलेला ट्रक फाटकावरच उलटला. ड्रायव्हरचा पाय मोडला, जीव वाचला. तो म्हणाला, फाटक उघडं होतं आणि फाटकवाला जागेवर नव्हता. डोमाजी म्हणाला, मी तिथंच होतो, फाटक बंद होतं, ट्रकनंच ते तोडलं. फाटकाचा चुरा झाला होता. त्या चुऱ्यावरून कोण काय सांगणार?

खात्याची चौकशी झाली. साहेबांनी विचारलं, “तुझ्याबरोबर कोणी होतं?”

“मितान होता जी.”

मितान म्हणजे जिवलग मित्र, एवढं साहेबांना ठाऊक होतं. “नाव सांग त्याचं.”

डोमाजीनं मान खाली घातली. पुन्हा विचारलं, पुन्हा तेच. साहेबांनी शेरा मारला की असा कोणी माणूसच नाही, आणि चौकशी संपवली. डोमाजी बडतर्फ. नोकरीबरोबर लाईनीकडेची खात्याची खोलीही जाणार होती. घरात बायको आणि दोन मुली.

आता कायदा थोडक्यात. घटनेचं कलम ३११ म्हणतं, सरकारी नोकराला बडतर्फ करण्याआधी बाजू मांडायची वाजवी संधी द्या. ती दिली नसेल तर हायकोर्टात रिट करता येतं. रिट म्हणजे हायकोर्टाला सांगायचं, सरकारनं चूक केली, हुकूम रद्द करा. मी रिटाचा मसुदा केला होता. नोटीस अपुरी, आरोप मोघम, कागद दाखवले नाहीत, वगैरे.

“हे सगळ्यांच्याच पिटिशनमध्ये असतं,” तात्यासाहेब म्हणाले. “याच्या पोटापाण्याचा प्रश्न आहे. साक्षीदार आहे म्हणतो आणि नाव सांगत नाही. खोटं बोलणारा माणूस एखादं नाव ठोकून देतो हो! चला, जाऊन बघू.”

जाऊन बघणं हे त्यांचं व्यसन होतं. घटनेच्या वकिलानं बूट मळवायचे नसतात असा तेव्हाचा समज. जबलपूरहून छोट्या गाडीनं गोंदिया, तिथून दुर्ग, आणि दुर्गहून एका मालट्रकमध्ये ड्रायव्हरशेजारी बसून आम्ही भिलाईला पोचलो. वाटेत तात्यासाहेबांनी ड्रायव्हरला भट्टीबद्दल इतके प्रश्न विचारले, की शेवटी त्यानं यांना इंजिनिअर समजून नोकरी मागितली.

डोमाजी खोलीबाहेर बसला होता. उंच, हडकुळा, बोलायला बुजरा. तात्यासाहेबांनी मितानाचं नाव विचारलं. पुन्हा मान खाली. मी चिडलोच. “अरे, आम्ही तुझे वकील आहोत!”

दारातून त्याची बायको यमुना म्हणाली, “कावून रागावून राहिले जी तुमी? थे कसे घेतीन नाव? मितानाचं नाव घेतलं का मितानी तुटते.”

मग तिनंच सांगितलं. डोमाजी इथं नवा आला तेव्हा तापानं पडला. शेजारच्या कुरुद गावातल्या एका माणसानं त्याला महिनाभर घरी ठेवून घेतलं. बरा झाल्यावर दोघांनी गावासमोर एकमेकांना नारळ दिला आणि इकडच्या रीतीप्रमाणे ते मितान झाले. हे नातं सख्ख्या भावाहून थोरलं. त्या दिवसापासून एकमेकांना ‘मितान’ म्हणायचं, नाव तोंडावर आणायचं नाही.

“मग बाई, तुम्ही सांगा नाव,” मी म्हणालो.

“मी कशी घेऊ? माहे त भासरे झाले थे!” भासरा म्हणजे थोरला दीर. तिचंही तोंड बंद.

तात्यासाहेबांचा चेहरा लाडू मिळाल्यासारखा झाला. “नाव राहू दे, डोमाजी. त्याच्या घरी नेशील?”

“चला न जी,” डोमाजी म्हणाला आणि उठून चालायलाच लागला.

कुरुदला एका अंगणात काळासावळा, ठेंगणा माणूस खाट विणत होता. डोमाजीनं बोट केलं. त्या माणसानं स्वतःच नाव सांगितलं, बिसाहू. त्या दुपारी तो फाटकावर डोमाजीशेजारी बसून जेवत होता. फाटक बंद होतं. ट्रक फाटक तोडताना त्यानं डोळ्यांनी पाहिला होता. मितानाची नोकरी गेली हे त्याला कळलं होतं, पण आपल्या साक्षीसाठी सगळं अडलंय हे नव्हतं. ते ऐकल्यावर तो डोमाजीवर उखडला.

“मोला काबर नइ बताए, मितान?” मला का नाही सांगितलंस?

डोमाजी जमिनीकडे बघत राहिला. तेवढ्यात बोलण्यातून कळलं की बिसाहू गिट्टी फोडायला जातो तो त्या ट्रकवाल्या ठेकेदाराकडेच. तात्यासाहेबांनी डोमाजीकडे एकदा पाहिलं, आणि कधी नव्हे ते काहीच विचारलं नाही. फक्त बिसाहूला सांगितलं, साक्ष दिलीस तर रोजी जाईल. “जान दे,” जाऊ दे गेली तर, तो म्हणाला आणि पुन्हा खाट विणू लागला.

मी मसुदा नव्यानं लिहिला. सोबत बिसाहूचं शपथपत्र जोडलं. कोर्टात सरकारी वकील तावात होते. “विचारलं, त्यानं सांगितलं नाही. खात्यानं आणखी काय करायचं? घटना काय असल्या रूढींवर चालवायची?”

तात्यासाहेब सावकाश उठले. “माझ्या आईनं जन्मात माझ्या वडिलांचं नाव घेतलं नाही. तिला कोणी नवऱ्याचं नाव विचारलं असतं तर ती गप्प बसली असती. त्यावरून तिचं लग्नच झालं नव्हतं, असा शेरा मारायचा का?”

कोर्टात हशा पिकला. न्यायमूर्ती हसले नाहीत, पण त्यांनी पेन खाली ठेवलं. “म्हणजे नाव विचारायचंच नाही?”

“जरूर विचारावं. नाव मिळालं नाही तर ‘त्याला घेऊन ये’ म्हणावं. हा माणूस चालत जाऊन त्याला घेऊन आला असता. संधी द्यायची तर ती त्या माणसाला घेता आली पाहिजे. नाही तर ती वाजवी कसली?”

बडतर्फी रद्द झाली. नव्यानं चौकशीचा हुकूम निघाला. नव्या चौकशीत डोमाजीनं बिसाहूला हाताला धरून आणलं आणि साहेबांसमोर उभं केलं. बिसाहूनं आपलं नाव खणखणीत सांगितलं, मग सगळी हकिकत. डोमाजी पुन्हा फाटकावर गेला. ठेकेदारानं लगेच बिसाहूला काढलं. दुसरं काम मिळेपर्यंत बिसाहूचं सगळं घर डोमाजीच्या खोलीत जेवलं.

पुढं डोमाजी तांदळाचं गाठोडं घेऊन जबलपूरला आला. तात्यासाहेबांनी त्याला चहा दिला आणि कुरुदपासून पोटात ठेवलेला प्रश्न अखेर विचारला.

“खरं सांग, नाव घेता येत नव्हतं, की घ्यायचं नव्हतं?”

डोमाजीनं बशी खाली ठेवली. “दोन्ही जी. नाव घेतलं असतं त त्याची रोजी गेली असती. पण पोरींकडे पाहिलं का वाटे, सांगून टाकावं. लय वाटे. नाव घ्यायला रीत आडवी आली. तुमी ‘घरी नेशील?’ म्हटलं, तेव्हा आडवं काही नव्हतं जी.”

“आणि रीत नसती तर?”

“त घेतलं असतं जी मी नाव,” तो म्हणाला. त्याचे डोळे भरून आले होते. “म्हणूनच त रीत ठेवली असन तिकडच्या बुढ्यांनी.”

तात्यासाहेबांनी त्याला दारापर्यंत पोचवलं. तो गेल्यावर मला म्हणाले, “बरं झालं वकील, हे मी त्याला आधी विचारलं नाही. नुसती रीतच आडवी आली, असं मग कोर्टात छातीठोक म्हणता आलं नसतं.”

त्यानंतर मी बरीच वर्षं वकिली केली. अशील गप्प बसला की मी चिडत नसे. कोणासाठी गप्प बसलाय, ते आधी शोधायचो. बहुतेक वेळा कोणीतरी असायचंच.